दोन्ही बाजूंची पत्रे

अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद नवरा आणि बायको दोघांनाही मिळाले, असे जोडपे आजवर एकच झाले. आत्माराम रावजी देशपांडे, म्हणजे कवी अनिल, १९५८ साली मालवणच्या संमेलनाचे अध्यक्ष होते. त्यानंतर तीन वर्षांनी, १९६१ साली, ग्वाल्हेरच्या संमेलनाच्या अध्यक्षपदी त्यांच्या पत्नी कुसुमावती देशपांडे बसल्या. मालवण आपल्या मुळगावाहून काही फार लांब नाही; सकाळी निघालेला माणूस दुपारच्या जेवणाला तिथे पोहोचतो. पण १९५८ साली मध्ये सरहद्द होती. तिकडे मराठी साहित्यिकांचा मेळा भरला होता आणि इकडे आपण पोर्तुगीज अमलाखाली होतो.

या स्मरणिकेत आजवर आम्ही बहुतेक गोमंतकातल्याच माणसांवर लिहीत आलो. यंदा वऱ्हाडातल्या एका बाईंवर लिहितो आहोत, त्याला कारण आहे. पावसाळ्यात मंडळाच्या वाचनगटाने ‘कुसुमानिल’ वाचायला घेतले. अनिल आणि कुसुमावती यांनी लग्नाआधी एकमेकांना लिहिलेल्या पत्रांचे हे पुस्तक. चार बैठकांत संपवायचे ठरले होते, ते संपूर्ण श्रावण पुरले. कारण वाचण्यापेक्षा वादच जास्त झाला. पुरुषमंडळी म्हणू लागली की ही कवी अनिलांची पत्रे. आमच्यातल्या बायकांनी विचारले, मग कुसुमावतींची कुठे गेली? ती तर तिथेच होती, पानापानावर. या वादातूनच हा लेख लिहायचे ठरले, आणि तो अनिलांवर नसावा, कुसुमावतींवर असावा, हेही तेव्हाच ठरले.

कुसुम जयवंत यांचा जन्म १० नोव्हेंबर १९०४ रोजी अमरावतीला झाला. अनिलांचा जन्म ११ सप्टेंबर १९०१ चा, मूर्तिजापूरचा. म्हणजे दोघेही वऱ्हाडातले, दोन्ही गावे रेल्वेने एकमेकांच्या हाकेच्या अंतरावर; पण ओळख झाली ती पुण्याला, फर्ग्युसन कॉलेजात, १९२१ साली. त्या वेळी मुलीने कॉलेजात शिकणे ही गोष्ट घराण्याच्या कौतुकाची होती आणि घराण्याच्या काळजीचीही. वर्गात मुली मोजक्या, त्या पुढच्या बाकांवर बसणार, तास संपला की सरळ वसतिगृहाकडे जाणार. अशा ठिकाणी सतरा वर्षांची एक मुलगी आणि वीस वर्षांचा एक मुलगा १९२२ सालापासून एकमेकांना पत्रे लिहू लागले.

आज यात काही विशेष वाटणार नाही. म्हणून तेव्हाच्या पत्राची रीत थोडी सांगितली पाहिजे. पत्राच्या डोक्यावर मध्ये श्री, उजव्या हाताला गाव आणि तिथी किंवा तारीख, मग मायना. वडिलांना तीर्थरूप, आईला तीर्थरूप सौभाग्यवती, लहानांना चिरंजीव, परक्याला राजमान्य राजश्री. मोठ्यांना शिरसाष्टांग नमस्कार, लहानांना अनेक आशीर्वाद. प्रत्येक नात्याला त्याचा मायना ठरलेला, आणि पत्रलेखनाच्या पुस्तकांतून तो मुलांकडून पाठ करून घेत. पण लग्न न झालेल्या मुलीने, नात्यात नसलेल्या तरुणाला लिहायच्या पत्राचा मायना कोणत्याच पुस्तकात नव्हता. कारण असे पत्र लिहिलेच जाऊ नये अशी अपेक्षा होती. लग्न झालेल्या बाईचीही अडचणच होती. नवऱ्याचे नाव घ्यायचे नाही, तर पत्र सुरू कसे करायचे? आमच्या आज्यांच्या पिढीत पुष्कळ जणींनी ही अडचण अशी सोडवली की नवऱ्याला पत्र लिहिलेच नाही. निरोप सासऱ्यांच्या पत्रातून खाली दोन ओळींत जाई.

तेव्हा या दोघांना पहिले काम भाषेचे होते. एकमेकांना काय म्हणायचे, किती मोकळे लिहायचे, कुठे थांबायचे, हे कुणी शिकवलेले नव्हते. ती भाषा त्यांनी पत्रे लिहिता लिहिता तयार केली. पुढे एक मराठीतला महत्त्वाचा कवी झाला आणि दुसरी मराठीतली पहिल्या प्रतीची समीक्षक झाली, त्याची तालीम इथे झाली असे आम्हांला वाटते. प्रेमपत्रे म्हणून जे ही पत्रे वाचायला बसतील त्यांना हुरहूर, रुसवा, पत्राची वाट पाहणे हे सगळे मिळेल. पण त्याच्या जोडीला पुस्तके आहेत, कविता आहेत, अभ्यासाच्या चिंता आहेत. दोन तरुण माणसे आपापल्या मनाला कसे वळण द्यावे याची एकमेकांकडे विचारणा करताहेत. आणि विचारणा दोन्हीकडून होते आहे, हे महत्त्वाचे. गुरू-शिष्येचे नाते इथे नाही.

त्या काळच्या पुण्यात कवींची मैत्री हा विषय रस्त्यावर बोलला जाई. १९२३ साली रविकिरण मंडळ स्थापन झाले. माधव जूलियन, यशवंत, गिरीश आणि त्यांचे स्नेही आठवड्याला जमत, एकमेकांच्या कविता ऐकत, चहा पीत, आणि मिळून पुस्तके काढत. त्यांच्यात श्रीधर रानडे आणि मनोरमाबाई रानडे हे कवी जोडपेही होते. मनोरमाबाई १९२६ साली फार अकाली गेल्या. अनिल त्या वेळी पुण्यातच शिकत होते, पण मंडळाबाहेर राहिले. त्यांचे मंडळ दोघांचेच होते, आणि ते टपालातून भरत असे.

याच फर्ग्युसन कॉलेजात माधव जूलियन म्हणजे माधवराव पटवर्धन शिकवत होते. एका विद्यार्थिनीशी त्यांचा स्नेह जुळला म्हणून जे वादळ उठले त्यात त्यांना नोकरी सोडावी लागली. हे सगळे कुसुम जयवंत आणि आत्माराम देशपांडे यांच्या डोळ्यांदेखतचे वर्षांचे. पुण्यासारख्या शहरात, विद्वान प्राध्यापकाची जिथे ही गत, तिथे एका विद्यार्थिनीच्या हातचे पत्र भलत्याच्या हाती पडते तर काय झाले असते, हे ओळखायला फार कल्पना लढवावी लागत नाही. तरी पत्रे थांबली नाहीत. अनिल कायद्याची परीक्षा देऊन १९२५ साली अमरावतीला वकिली करू लागले. कुसुमबाईंनी १९२६ साली नागपूर विद्यापीठाची बी.ए. पदवी घेतली. पुस्तकातली पत्रे १९२२ ते १९२७ या पाच वर्षांतली आहेत. लग्न झाले १९२९ साली. पहिल्या पत्रापासून मांडवापर्यंत सात वर्षे.

या सात वर्षांतली सगळ्यांत धाडसाची गोष्ट मात्र पत्रे नव्हेत, असे आमचे मत आहे. कुसुमबाई इंग्रजी साहित्य शिकायला इंग्लंडला गेल्या. लंडनच्या वेस्टफील्ड कॉलेजात शिकून १९२९ साली त्यांनी लंडन विद्यापीठाची पदवी मिळवली. अमरावतीची मुलगी, लग्न ठरायचे की नाही याचा पत्ता नाही, बोटीचा दीर्घ प्रवास, आणि शिकायचे काय तर त्यांच्याच देशात जाऊन त्यांचीच भाषा. वकिली शिकायला विलायतेला जाणारे पुरुष तेव्हा पुष्कळ होते. त्यांना परतल्यावर बॅरिस्टर म्हणून पाटी लावता येई. कुसुमबाईंना परत येऊन कसली पाटी लावायची नव्हती. त्यांना शिकायचे होते. लग्नासाठी त्यांनी शिक्षण सोडले नाही आणि शिक्षणासाठी लग्न मोडले नाही. दोन्ही त्याच वर्षी झाले.

नंतरच्या आयुष्याची हकिगत थोडक्यात सांगता येईल. अनिल न्यायखात्यात शिरले आणि न्यायाधीश झाले. स्वातंत्र्यानंतर ते समाजशिक्षणाच्या कामाकडे वळले. कुसुमावती १९३१ पासून नागपूरला इंग्रजीच्या प्राध्यापिका होत्या. दोन दशकांहून अधिक काळ त्यांनी शिकवले. मग दोघेही दिल्लीला गेले, आणि तिथे कुसुमावतींनी आकाशवाणीवर स्त्रियांच्या आणि मुलांच्या कार्यक्रमांची मुख्य निर्माती म्हणून काम पाहिले.

पण आम्हांला थांबायचे आहे ते त्यांच्या पुस्तकांशी. अनिलांचा पहिला कवितासंग्रह १९३२ साली आला, त्याचे नाव ‘फुलवात’. कुसुमावतींचा पहिला कथासंग्रह १९३४ साली आला, त्याचे नाव ‘दीपकळी’. पुढे त्यांची ‘दीपदान’ आणि ‘दीपमाळ’ ही पुस्तके आली. समईत फुलवात घालून दिवा लावणाऱ्या कोणत्याही बाईला ही नावे शेजारी शेजारी ठेवली की हसू येईल. एकाने वात वळली, दुसरीने ज्योत लावली. समीक्षकांनी यावर काही लिहिले असेल-नसेल, आमच्या वाचनगटात मात्र ही गोष्ट देवघरात वाती वळणाऱ्या एका आजींच्या लक्षात आली.

त्यांच्या कथा आज कमी वाचल्या जातात. १९३० च्या सुमारास मराठी कथेवर ना. सी. फडक्यांच्या तंत्राचा पगडा होता: सुरुवात आकर्षक हवी, मध्ये गुंता हवा, शेवटी कलाटणी हवी. कुसुमावतींच्या कथांत कलाटणी शोधणाऱ्याची निराशा होते. एखादी मनःस्थिती, एखादे माणूस, एखादा प्रसंग, एवढेच घेऊन कथा चालते आणि मनात काहीतरी हलवून थांबते. पोट भरण्यासाठी राबणाऱ्या, घरात दबलेल्या, कुणाच्या लेखी नसलेल्या माणसांकडे त्या बघतात. त्यांच्या एका संग्रहाचे नाव ‘मोळी’ आहे. डोंगरातून डोक्यावर मोळी घेऊन उतरणाऱ्या बाया आपल्या डिचोलीच्या बाजाराने कितीतरी वर्षे पाहिल्या. त्यांच्यावर कथा होऊ शकते, असे फार थोड्यांना सुचले. मराठीत पुढे जिला नवकथा म्हणू लागले, तिच्या आधीच्या पायऱ्यांमध्ये नागपूरचे वामन चोरघडे आणि कुसुमावती यांची नावे घेतली जातात, ती यामुळेच.

समीक्षेत त्या अधिक मोठ्या होत्या. ‘पासंग’ हा त्यांच्या समीक्षालेखांचा संग्रह १९५४ चा. नावच पाहा. तागडी हातात धरणाऱ्या माणसाला पासंग म्हणजे काय ते सांगावे लागत नाही. दोन पारड्यांतला फरक काढायला हलक्या बाजूला जे थोडेसे वजन टाकतात ते पासंग. टीकाकाराने आपल्या कामाला याहून नम्र नाव द्यायचे ठरवले तरी सापडणार नाही. निवाडा करणारा न्यायाधीश तर घरातच होता. त्यांनी स्वतःकडे तराजू सरळ करण्याचे काम घेतले. ‘मराठी कादंबरीचे पहिले शतक’ हा त्यांचा दुसरा मोठा ग्रंथ. बाबा पदमनजींची ‘यमुनापर्यटन’ १८५७ सालची; तिथून पुढे शंभर वर्षांत मराठी कादंबरी कशी वाढली, कुठे अडखळली, याचा त्यांनी मांडलेला हिशेब आजही अभ्यासकांना टाळता येत नाही. मं. वि. राजाध्यक्षांच्या जोडीने मराठी वाङ्मयाचा इंग्रजीतला इतिहासही त्यांच्या नावावर आहे. मराठी न येणाऱ्या जगाला मराठीची ओळख करून देणारी पुस्तके मोजकी आहेत, त्यांपैकी ते एक.

एवढे सगळे असून बहुतेकांच्या मनात त्यांची ओळख कवी अनिलांची पत्नी अशीच राहिली. त्याला एक कारण पुन्हा ‘कुसुमानिल’च आहे, हे कबूल केले पाहिजे. ज्या पुस्तकाने त्यांचा आवाज जपला, त्याच पुस्तकाने त्यांना कायमची प्रेयसी करून ठेवले.

१९६१ चे ग्वाल्हेर संमेलन. पहिले मराठी ग्रंथकार संमेलन १८७८ साली पुण्यात न्यायमूर्ती रानड्यांच्या अध्यक्षतेखाली भरले होते. तेव्हापासून ८३ वर्षे त्या खुर्चीवर पुरुषच बसत आले. पहिल्या बाई कुसुमावती. दुसऱ्या बाईसाठी, म्हणजे दुर्गा भागवतांसाठी, कराडच्या १९७५ च्या संमेलनापर्यंत वाट पाहावी लागली. ही पहिली बाई महाराष्ट्राबाहेरच्या गावात अध्यक्ष झाली, हे आम्हांला विशेष वाटते. ग्वाल्हेर म्हणजे शिंद्यांबरोबर गेलेल्या आणि तिथेच मुरलेल्या मराठी घरांचे गाव. आपल्या पेडण्याच्या केरीचे जिवबादादा बक्षी महादजी शिंद्यांच्या पदरी मोठे झाले, तेव्हा त्या गावाशी आपला सांधा जुनाच आहे. भा. रा. तांबे तिथलेच राजकवी. परमुलखात राहून घरात मराठी राखायची म्हणजे काय, हे त्या गावाला माहीत होते. मुक्तीनंतर गावोगाव मराठी शाळा निघाल्या तेव्हा मास्तर म्हणून आलेली, खाणीवर हिशेबनीस म्हणून आलेली, किंवा पाच-सहा पिढ्यांपूर्वी येऊन केळबायच्या पायाशी स्थिरावलेली आपली घरेही त्यातलीच.

त्याच वर्षी, १७ नोव्हेंबर १९६१ रोजी, कुसुमावती गेल्या. नुकतीच सत्तावन्न वर्षे पूर्ण झाली होती. त्यानंतर बत्तीस दिवसांनी, १९ डिसेंबरला, गोवा मुक्त झाला. १९६४ साली मडगावला मराठी साहित्य संमेलन भरले, कुसुमाग्रजांच्या अध्यक्षतेखाली.

पुढे अकरा वर्षांनी, १९७२ साली, ‘कुसुमानिल’ प्रसिद्ध झाले. अनिल तेव्हा सत्तरी ओलांडलेले होते. आणि इथे आमच्या वाचनगटातला खरा वाद सुरू होतो.

एक बाजू अशी की, पत्र ज्याला लिहिले त्याचे. जगाला दाखवण्यासाठी ते लिहिलेले नसते. अठरा-एकोणीस वर्षांच्या मुलीने जिवाच्या भरवशावर जे लिहिले, ते पन्नास वर्षांनी दुकानात विकायला ठेवायचे की नाही, हे तिला विचारायला हवे होते. ती तर नव्हती. आमच्यातल्या एक बाई म्हणाल्या, माझी पत्रे कुणी छापली तर मी भूत होऊन येईन. सगळे हसलो, पण त्या हसत नव्हत्या.

अमेरिकेत नेमक्या त्याच वर्षी हाच प्रश्न उभा राहिला होता. रॉबर्ट लोवेल हा तिकडचा मोठा कवी. पहिल्यापासून पत्रांनी टिकलेली त्याची एक मैत्री होती, एलिझाबेथ बिशप या कवयित्रीशी. १९४७ साली ओळख झाली. पुढे बिशप कित्येक वर्षे ब्राझीलमध्ये राहिल्या, पण तीस वर्षे, लोवेल १९७७ साली जाईपर्यंत, दोघे एकमेकांना कविता पाठवत राहिले, दुरुस्त्या सुचवत राहिले. लोवेलने बायकोला, लेखिका एलिझाबेथ हार्डविक यांना, सोडले. त्या दुःखाच्या दिवसांत तिने त्याला लिहिलेली पत्रे त्याने आपल्या कवितांत वापरली. त्यांतही आपल्याला हवे तसे फेरफार करून. पुस्तक छापण्याआधी त्याने ते बिशपबाईंना दाखवले. १९७२ सालच्या मार्चमध्ये त्यांनी त्याला सविस्तर पत्र लिहून हे करू नकोस असे बजावले. पत्रे त्या बाईची, परवानगी तिची नाही, आणि त्यात बदल करून खरे-खोटे एकत्र केले आहे, हा त्यांचा आक्षेप होता. लोवेलने थोडे इकडचे तिकडे केले आणि पुढच्या वर्षी पुस्तक काढले. त्याला पुलित्झर पारितोषिक मिळाले. हार्डविकबाईंना जे वाटायचे ते वाटले. मैत्रीतली स्पष्टोक्ती कशी असावी याचा धडा म्हणून आम्हांला बिशपबाईंचे ते पत्र पारितोषिकाहून मोठे वाटते.

या उदाहरणापुढे ‘कुसुमानिल’ ठेवले की फरक दिसतो. अनिलांनी बायकोची पत्रे घेऊन स्वतःची कविता केली नाही. तिची पत्रे तिच्या नावाने आणि आपली पत्रे आपल्या नावाने, अशी दोन्ही समोर ठेवली. स्वतःलाही झाकले नाही. तिचे मन उघडे केले तेवढेच आपलेही केले. पुस्तकाच्या नावातही आधी कुसुम आहे, मग अनिल.

दुसरी बाजू आमच्यातल्या एका निवृत्त शिक्षिकेने मांडली आणि बहुतेकांना ती पटली. त्या म्हणाल्या, बायकांची पत्रे राहतात कुठे? आपल्या घरी आलेले पत्र वाचून झाले की भिंतीवरच्या तारेत ओवत. तार भरली की चातुर्मासात किंवा दिवाळीच्या साफसफाईत ती रिकामी होई. जमिनीचे, कोर्टाचे, वाटणीचे पत्र बाजूला काढून ट्रंकेत जाई. लेकीचे, बहिणीचे, माहेरचे पत्र बंबात जाई. म्हणून आज कोणत्याही जुन्या घरात ट्रंक उघडली तर आजोबांचा अक्षरन् अक्षर व्यवहार मिळतो आणि आजीचे हस्ताक्षर कसे होते तेही कुणाला सांगता येत नाही.

हे आपल्याकडेच होते असे नाही. एमिली डिकिन्सन ही अमेरिकेतली कवयित्री घराबाहेर फारशी पडली नाही. १८६२ साली तिने थॉमस हिगिन्सन नावाच्या लेखकाला, ओळखदेख नसताना, पत्रासोबत चार कविता पाठवल्या आणि त्यांत जीव आहे का असे विचारले. ती मैत्री तिच्या मरणापर्यंत, म्हणजे १८८६ पर्यंत टिकली. प्रत्यक्ष भेट झाली ती फक्त दोनदा. ती गेल्यावर तिच्या बहिणीने तिला आलेली पत्रे जाळून टाकली, तेव्हाची रीतच तशी होती. कवितांचे कागद मात्र सापडले तेव्हा तिने ते राखले, आणि त्याच हिगिन्सनने ते संपादून छापायला मदत केली. परिणाम असा की डिकिन्सनने लोकांना लिहिलेली पत्रे लोकांनी जपली म्हणून आहेत, पण तिला लोकांनी काय लिहिले ते बहुतेक राखेत गेले. संभाषणाची एकच बाजू ऐकू येते, जसे कुणी शेजारच्या खोलीत फोनवर बोलत असावे.

इंग्रजीत दोन्ही बाजू राहिल्याचे मोठे उदाहरण रॉबर्ट ब्राउनिंग आणि एलिझाबेथ बॅरेट या कवींचे. १८४५ च्या जानेवारीत सुरू झालेली त्यांची पत्रे वीस महिने चालली, ती पावणेसहाशेच्या आसपास भरतात. मग ते दोघे घरातून न सांगता निघून गेले आणि तिच्या वडिलांनी तिला जन्मात क्षमा केली नाही. ती पत्रे १८९९ साली त्यांच्या मुलाने प्रसिद्ध केली, तेव्हाही हे बरे की वाईट यावर तिकडे चर्चा झालीच. इंग्रजीच्या या प्राध्यापिकेला ती गोष्ट ठाऊक नसणे शक्य नाही. आपल्या ट्रंकेत तसेच पुस्तक पडले आहे असे त्यांच्या मनात कधी आले असेल का, हा प्रश्न मात्र आम्ही एकमेकांना पुष्कळदा विचारला.

‘कुसुमानिल’चे मोल आम्हांला इथे दिसते. पाच वर्षे एका मुलीने लिहिलेली पत्रे एका तरुणाने जपली, आणि त्याने लिहिलेली तिने जपली. लग्न होईल याची खात्री नसताना जपली. पुण्याची खोली, अमरावतीचे घर, विलायतेची वारी, न्यायखात्याच्या बदल्या, नागपूर, दिल्ली, एवढ्या सामानाच्या हलवाहलवीत कुणीतरी दर वेळी ते गाठोडे बांधून बरोबर घेतले. बदलीच्या नोकरीत घर हलवलेल्यांना माहीत आहे की दर हलवणीत काय काय टाकावे लागते. हे दोघांपैकी एकाने जरी एकदा कंटाळून टाकले असते तरी पुस्तक अर्धे झाले असते. पुढच्या काळात सुनीताबाई देशपांडे यांनी जी. ए. कुलकर्णींना लिहिलेली पत्रे आणि जी. एं.नी सुनीताबाईंना लिहिलेली पत्रे, दोन्ही छापून आली. पण ती वेगवेगळ्या पुस्तकांत, आणि वाचकाला दोन्ही मांडीवर घेऊन इकडून तिकडे बघावे लागते. इथे ती एकाच शिवणीत आहेत.

वाद मिटला असे मात्र नाही. जाळायचे की ठेवायचे, यावर वाचनगटात सरळ दोन तट आहेत. एका घरात गोवामुक्तीच्या आधीची, पोर्तुगीज तिकिटांची, मुंबईला गेलेल्या आणि परत आलेल्या पत्रांची एक पेटी आहे. ती घरची वडीलधारी बाई कुणाला उघडू देत नाही. आपल्या माघारी काय करायचे ते तिने सुनेला सांगून ठेवले आहे, काय सांगितले ते सून सांगत नाही. आम्ही दोघींचाही मान राखतो.

अनिलांना कुसुमावतींनंतर वीस वर्षांहून अधिक आयुष्य मिळाले. मराठीत मुक्तछंद रुजवणाऱ्या या कवीने ‘भग्नमूर्ती’ आणि ‘पेर्ते व्हा’ यांसारखी पुस्तके तरुणपणी लिहिली होती. म्हातारपणी ते दहा ओळींच्या आटोपशीर रचनेकडे आले. ‘दशपदी’ १९७६ साली प्रसिद्ध झाली आणि तिला पुढच्या वर्षी साहित्य अकादमीचे पारितोषिक मिळाले. ८ मे १९८२ रोजी ते गेले. मोकळ्या छंदातून मोजक्या ओळींकडे येणारा हा कवी आणि एके काळी पानेच्या पाने पत्रे लिहिणारा तरुण एकच, हे ‘कुसुमानिल’ वाचल्यावर ‘दशपदी’ वाचणाऱ्यांना जास्त जाणवेल. आम्ही तसेच वाचले, आणि उलट क्रमाने वाचू नये असे सुचवतो.

ज्यांना कुसुमावतींची फक्त पत्रेच नकोत त्यांनी ‘पासंग’पासून सुरुवात करावी, कथा वाचायच्या असतील तर ‘दीपमाळ’ शोधावी. मंडळाच्या कपाटात ‘कुसुमानिल’ची एक प्रत आहे. शिवण सैल झाली आहे, मधली काही पाने हाताला लागताच सुटतात, म्हणून ती घरी देत नाही. माटोळी उतरेपर्यंत रोज संध्याकाळच्या आरतीनंतर मंडपामागच्या खोलीत ती वाचायला ठेवलेली असेल.